जामिनाच्या तारखेला ती कुठे असते?

दिवाळी आटोपली की अहमदपूर, जळकोट, कंधार, मुखेड या बालाघाटच्या पट्ट्यातल्या वस्त्या आणि तांडे रिकामे होऊ लागतात. मुकादमाची उचल घेतलेली असते. कोयता, भांडीकुंडी आणि लेकरे घेऊन माणसे पश्चिम महाराष्ट्रात, नाही तर कर्नाटकात उसाच्या फडावर जातात आणि कारखान्याचा पट्टा पडेपर्यंत परतत नाहीत. आता समजा, अशाच एका टोळीतल्या बाईने पावसाळ्यात गावातल्या एका माणसाविरुद्ध बलात्काराची फिर्याद दिलेली आहे. आरोपी अटकेत आहे. जानेवारीत त्याचा जामीन अर्ज सुनावणीला लागतो. नोटीस घेऊन पोलीस तिच्या घरी जातो तेव्हा दाराला कुलूप असते. तो अहवाल लिहितो: मिळून आली नाही. सुनावणी होते, आदेश होतो, आणि आरोपी सुटल्याची बातमी तिला फडावर फोनवरून कळते, तीही बहुधा दुसऱ्याच कोणाकडून.

दलित, आदिवासी आणि भटक्या समाजातल्या स्त्रियांवरील अत्याचारांच्या खटल्यांत जामिनाची चर्चा निघाली की प्रश्न एवढाच विचारला जातो, की जामीन द्यायला हवा होता की नको. मला त्याआधीचा प्रश्न महत्त्वाचा वाटतो. तो निर्णय होत असताना ती तिथे होती का? तिला कोणी कळवले होते का? कायद्याने तिला दिलेली जागा रिकामी असताना आदेश कसा झाला?

जामीन म्हणजे सुटका नव्हे, निर्दोषत्वाचा दाखलाही नव्हे. खटला संपेपर्यंत आरोपीला कोठडीत ठेवायचे की काही अटींवर बाहेर राहू द्यायचे, एवढाच त्या वेळी प्रश्न असतो. न्यायाधीश पुराव्याची खोलात जाऊन छाननी करत नाहीत. आरोप प्रथमदर्शनी टिकतो का, गुन्हा किती गंभीर आहे, आरोपी पळून जाईल का, साक्षीदारांवर दबाव आणेल का, याआधी त्याच्यावर काही गुन्हे आहेत का, हे पाहतात. ‘जामीन हा नियम, तुरुंग हा अपवाद’ हे सूत्र न्यायमूर्ती कृष्णा अय्यर यांनी १९७७ मध्ये बालचंदच्या खटल्यात मांडले आणि ते आजही कायम आहे. पण त्याच निकालात त्यांनी अपवादही नोंदवले होते. आरोपी न्यायापासून पळण्याची, गुन्हा पुन्हा करण्याची किंवा साक्षीदारांना धमकावण्याची शक्यता दिसत असेल, तर हा नियम सैल पडतो.

गावात मात्र जामिनाचा अर्थ वेगळा लागतो. ‘सुटला’ हा शब्द कानावर आला की लोक केस संपली असेच धरतात. वस्ती गावाच्या कडेला, मजुरी त्याच माणसाच्या किंवा त्याच्या भावकीच्या शेतात, पाण्याची आणि रस्त्याची वाट त्यांच्याच बांधावरून, दुकानातली उधारीही त्यांच्याच ओळखीने. अशा ठिकाणी साक्षीदार फोडायला धमकी द्यावी लागत नाही. रोजगार बंद केला तरी पुरते. मग बैठक बसते, चार प्रतिष्ठित मध्ये पडतात, ‘झालं गेलं विसरा’ म्हणतात, आणि वर्षभराने साक्षीदार फितूर झाल्याची नोंद निकालपत्रात येते. साक्षीदारावर दबाव येण्याची शक्यता ही जामिनाची जुनी, सर्वमान्य कसोटी आहे. ती या गावरचनेत नेमकी कशी लागू पडते, हे न्यायालयाला सांगू शकेल असे एकच माणूस असते, आणि ते म्हणजे ती स्वतः किंवा तिच्या घरचे. म्हणून तिचे तिथे असणे हा सहानुभूतीचा विषय नाही. निर्णयाला लागणारी माहितीच तिच्याकडे असते.

अनुसूचित जाती व जमाती (अत्याचार प्रतिबंध) कायदा १९८९ चा. गावोगावी त्याला ‘अट्रॉसिटी’ म्हणतात. या कायद्याच्या कलम १८ ने अटकपूर्व जामिनाचे दार पहिल्यापासून बंद ठेवले. अटकेनंतरच्या नियमित जामिनाला मात्र बंदी नाही. मोठा बदल झाला तो २०१५ च्या दुरुस्तीने, जी २६ जानेवारी २०१६ पासून लागू झाली. त्या दुरुस्तीने कलम १५अ आले. पीडितेला किंवा तिच्या कुटुंबीयांना जामिनासह प्रत्येक सुनावणीची वेळेवर आणि नेमकी सूचना मिळाली पाहिजे, आणि ती देण्याची जबाबदारी विशेष सरकारी वकिलाची किंवा राज्य शासनाची आहे, असे हे कलम सांगते. जामीन, दोषमुक्ती, पॅरोल, शिक्षा या प्रत्येक टप्प्यावर तिचे म्हणणे ऐकले गेले पाहिजे, हेही त्यातच आहे. साक्षीदारांना संरक्षण, प्रवासखर्च, निर्वाहखर्च, गरज पडल्यास दुसरीकडे पुनर्वसन, सामाजिक कार्यकर्त्याची किंवा वकिलाची मदत घेण्याची मुभा आणि कामकाजाचे चित्रीकरण या तरतुदीही त्याच कलमात आहेत. चित्रीकरणाचा प्रश्न २०१९ मध्ये मुंबईत डॉ. पायल तडवी यांच्या मृत्यूच्या प्रकरणात, आरोपी डॉक्टरांच्या जामिनाच्या सुनावणीवेळीच उभा राहिला होता.

ही सूचना नुसती औपचारिकता मानायची का? २९ ऑक्टोबर २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हरिराम भांभी प्रकरणात याचे उत्तर दिले. राजस्थानातल्या एका खुनाच्या खटल्यात उच्च न्यायालयाने मृताच्या घरच्यांना न कळवता जामीन दिला होता. न्यायमूर्ती चंद्रचूड आणि न्यायमूर्ती नागरत्ना यांच्या खंडपीठाने कलम १५अ मधील सूचना आणि सुनावणी या दोन्ही गोष्टी बंधनकारक असल्याचे सांगून तो आदेश रद्द केला. या निकालाची प्रत प्रत्येक तालुका न्यायालयाच्या बाररूममध्ये लावून ठेवावी, असे मला मनापासून वाटते.

अल्पवयीन मुलींसाठी आणखी एक तरतूद आहे. कठुआ आणि उन्नावच्या बलात्काराच्या घटनांनंतर २०१८ मध्ये फौजदारी कायदा बदलला. सोळा वर्षांखालील मुलीवरील बलात्कारात अटकपूर्व जामीन मिळत नाही, आणि नियमित जामिनाच्या सुनावणीला फिर्यादी किंवा तिने अधिकृत केलेली व्यक्ती हजर असणे आवश्यक ठरवले गेले. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत, कलम ४८३ मध्ये, ही हजेरीची तरतूद कायम आहे. मुंबई उच्च न्यायालयानेही एप्रिल २०२१ मध्ये एका जनहित याचिकेवर पोक्सो (बालकांचे लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण) कायद्याच्या खटल्यांत जामीन अर्जाची माहिती मुलीच्या घरच्यांना कशी आणि कोणी द्यायची, याचे तपशीलवार निर्देश दिले.

एवढे सगळे कागदावर असताना प्रत्यक्षात काय घडते, ते जळगावच्या एका प्रकरणातून दिसते. शाळकरी मुलगी, दूरच्या नात्यातला आरोपी, सरकारी वीज कंपनीतला कर्मचारी. मुलीच्या आईने पोलिसांकडे जायचे ठरवल्यावर आरोपीच्या आईने तिला थांबवले आणि मुलगी सज्ञान झाल्यावर लग्न लावून देण्याचा शब्द दिला. निरक्षर आईकडून स्टॅम्प पेपरवर लिहूनही घेतले गेले. लग्नाला नकार मिळाल्यावर फिर्याद झाली. जळगावच्या सत्र न्यायालयाने जानेवारी २०२० मध्ये आरोपीला अटकपूर्व जामीन दिला. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने ५ फेब्रुवारी २०२१ रोजी तो रद्द केला आणि खालच्या न्यायालयाच्या दृष्टिकोनात संवेदनशीलतेचा पूर्ण अभाव असल्याची नोंद केली. आरोपी सर्वोच्च न्यायालयात गेला. १ मार्च २०२१ च्या सुनावणीत तत्कालीन सरन्यायाधीश शरद बोबडे यांनी ‘तू तिच्याशी लग्न करशील का’ असे विचारल्याच्या बातमीने देशभर संताप उसळला. आपल्या विधानाचा विपर्यास झाला, असे त्यांनी नंतर स्पष्ट केले. त्या दिवशी अर्ज फेटाळला गेला, पण नियमित जामिनासाठी अर्ज करता यावा म्हणून आरोपीला चार आठवडे अटकेपासून संरक्षण मिळाले.

त्या एका वाक्यावर पुष्कळ लिहिले गेले. मला मात्र त्या स्टॅम्प पेपरजवळ थांबावेसे वाटते. मराठवाडा आणि खानदेशात बलात्काराच्या आरोपावर लग्नाचा किंवा तडजोडीचा तोडगा काढताना कागद करून घेतला जातो. पुढे तोच कागद जामीन अर्जाला जोडला जातो. संबंध संमतीने होते, आता पैशासाठी केस केली, असा युक्तिवाद त्यावर उभा राहतो. अंगठा लावणाऱ्या आईला कोणी वाचून दाखवले होते, कोणाच्या समोर दाखवले होते, हे ती स्वतः न्यायालयात येऊन सांगत नाही तोवर तो कागदच बोलत राहतो. सोळा-सतरा वर्षांच्या मुलीची संमती कायद्याने संमतीच नसते, ही साधी गोष्टसुद्धा त्या कागदाखाली दबून जाते.

जामिनाच्या अटींत तडजोडीची मानसिकता कशी शिरते, त्याचे दुसरे उदाहरण मध्य प्रदेशातले आहे. ३० जुलै २०२० रोजी इंदूर खंडपीठाने विनयभंगाच्या आरोपीला जामीन देताना अट घातली की त्याने रक्षाबंधनाला पत्नीसह मिठाई घेऊन पीडितेच्या घरी जावे, राखी बांधून घ्यावी आणि ओवाळणी म्हणून तिला अकरा हजार रुपये द्यावेत. ज्याच्यापासून संरक्षण मागायचे, तोच न्यायालयाच्या आदेशाने तिच्या दारात उभा राहणार होता. १८ मार्च २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती खानविलकर आणि न्यायमूर्ती रवींद्र भट यांच्या खंडपीठाने ही अट रद्द केली. जामिनाच्या कोणत्याही अटीमुळे आरोपी आणि पीडिता यांचा संपर्क येता कामा नये, लग्न किंवा तडजोड सुचवू नये, तिचे कपडे, वागणे, चारित्र्य यांवर शेरे मारू नयेत, आणि जामीन मिळाल्याची माहिती तिला लगेच देऊन आदेशाची प्रत दोन दिवसांत पोहोचवावी, असे निर्देश त्या निकालात आहेत. तरीही मार्च २०२५ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या एका जामीन आदेशात तिने ‘स्वतःच संकट ओढवून घेतले’ असे वाक्य आले आणि पुढच्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयाला त्यावर नापसंती व्यक्त करावी लागली.

आपल्या भागाजवळचे एक प्रकरण यापेक्षा ताजे आहे. नोव्हेंबर २०२४ च्या विधानसभा निवडणुकीनंतर धाराशिव जिल्ह्यात, सांगितलेल्या उमेदवाराला मत दिले नाही म्हणून एका मातंग कुटुंबाला जातिवाचक शिव्या देत, लोखंडी गजांनी मारहाण केल्याची, घरातल्या बायकांवरही हात टाकल्याची फिर्याद दाखल झाली. परंड्याच्या अतिरिक्त सत्र न्यायालयाने अटकपूर्व जामीन नाकारला. औरंगाबाद खंडपीठाने एप्रिल २०२५ मध्ये तो दिला. १ सप्टेंबर २०२५ रोजी तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या पीठाने तो रद्द केला. फिर्यादीवरून अट्रॉसिटीचा गुन्हा प्रथमदर्शनी दिसत असेल, तर अटकपूर्व जामिनाच्या टप्प्यावर छोटा खटला चालवून फिर्याद खोटी ठरवता येणार नाही, असे न्यायालयाने स्पष्ट केले. हे मुख्यतः लैंगिक अत्याचाराचे प्रकरण नव्हते, तरी यातून मिळणारी शिकवण तिथेही लागू होते. विशेष म्हणजे या प्रवासात तालुक्याच्या न्यायालयाचा पहिला निर्णयच शेवटी बरोबर ठरला.

कलम १५अ चे सगळे हक्क मात्र एका गोष्टीवर अवलंबून आहेत. गुन्ह्याला अट्रॉसिटीचे कलम लागलेले असले पाहिजे. पहिल्या रात्री पोलीस ठाण्यात ते लागले नाही, तर पुढे या हक्कांचा पायाच उरत नाही. खैरलांजीच्या दलित कुटुंबाच्या हत्याकांडाच्या खटल्यात २००८ मध्ये भंडाऱ्याच्या न्यायालयाने आठ जणांना दोषी ठरवले, पण अट्रॉसिटीचे कलम टिकले नाही आणि स्त्रियांवरील लैंगिक अत्याचारही सिद्ध मानला गेला नाही. जातीमुळेच गुन्हा केला, हे सिद्ध करण्याची जुनी अट फार कठीण होती. २०१५ च्या दुरुस्तीने ती बदलली. आता पीडिता अनुसूचित जाती-जमातीची आहे हे आरोपीला माहीत होते, एवढे पुरे आहे. आणि तो तिला किंवा तिच्या घरच्यांना ओळखत असेल, तर ते माहीत होते असे न्यायालय गृहीत धरते. गावात कोण कोणाला ओळखत नाही? तरीही फिर्याद नोंदवताना आधी जातीचा दाखला आणा, असे सांगून परत पाठवले जाते. फिर्याद घ्यायला कायद्यात अशी अट नाही.

ज्यांना दाखला मिळाला तरी हा कायदा लागत नाही, त्यांचे काय? अहमदपूर परिसरात बंजारा तांडे मोठ्या संख्येने आहेत. महाराष्ट्रात बंजारा समाज विमुक्त जातीत मोडतो. तेलंगणात लंबाडी अनुसूचित जमातीत आहेत, कर्नाटकात लंबाणी अनुसूचित जातीत. एकाच समाजाची, एकाच बोलीत बोलणारी बाई राज्याच्या सीमेवरच्या देगलूरच्या अलीकडे राहते की पलीकडे, यावर जामिनाच्या वेळी तिला अट्रॉसिटी कायद्यानुसार सूचना मिळणार की नाही, हे ठरते. कैकाडी समाजाबाबत तर महाराष्ट्रातच हा फरक आहे. विदर्भाच्या बऱ्याच भागात तो अनुसूचित जातीत आहे आणि मराठवाड्यात नाही. म्हणून तांड्यावरची सज्ञान बाई सर्वसाधारण फौजदारी कायद्याच्या आधारे न्यायालयात जाते. तिचे म्हणणे ऐकले जावे, असे सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२२ मध्ये लखीमपूर खेरी प्रकरणात सांगितलेले आहे. पण तिला शोधून कळवण्याची कलम १५अ सारखी जबाबदारी कोणावर नाही. आरक्षणाच्या वादापेक्षा हा प्रश्न पूर्ण वेगळा आहे आणि तो कोणाच्याही वाट्यातले काही न काढता सोडवता येईल. कलम १५अ चे हक्क बलात्काराच्या प्रत्येक फिर्यादीला द्यावेत, एवढेच करायचे आहे.

दुसरी बाजूही तितक्याच गांभीर्याने मांडायला हवी. देशातल्या तुरुंगांत सुमारे तीन-चतुर्थांश कैदी कच्चे कैदी आहेत, आणि त्यांत दलित, आदिवासी, मुस्लिम गरिबांचा भरणा मोठा आहे. वरच्या समजल्या जाणाऱ्या जातीतली सतरा वर्षांची मुलगी आणि दलित वस्तीतला वीस वर्षांचा मुलगा पळून गेले, तर मुलीच्या घरचे पोक्सोची फिर्याद देतात आणि मुलगा वर्षानुवर्षे आत राहतो. संमतीचे वय २०१२ पासून अठरा आहे. अशा प्रकरणांत न्यायालये मुलीचे म्हणणे ऐकून जामीन देतात आणि ते योग्यच आहे. म्हणजे मुलीला ऐकणे हे केवळ आरोपीच्या विरोधातले हत्यार नाही. जबरदस्ती होती की घरच्यांचा राग, हे सांगणारीही तीच असते. सरसकट जामीन नाकारा, अशी मागणी करणाऱ्यांनी हे विसरू नये, कारण कठोर कायद्याचा पहिला फटका बहुधा बिनवशिल्याच्या आरोपीला बसतो.

काळाचा हिशेब मांडला तर दोन्ही बाजूंचा अन्याय बराच कमी होण्यासारखा आहे. अट्रॉसिटीचा तपास किमान उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्यानेच करायचा आणि साठ दिवसांत दोषारोपपत्र द्यायचे, असा नियम आहे. बलात्काराच्या गुन्ह्यात नव्वद दिवसांत दोषारोपपत्र दाखल झाले नाही, तर आरोपीला आपोआप जामिनाचा हक्क मिळतो. मग गुन्हा कितीही भयंकर असो, पीडिता कितीही घाबरलेली असो, न्यायाधीशाच्या हातात काही उरत नाही. तपासी अंमलदाराची दिरंगाई हाच तिथे जामिनाचा आदेश ठरतो. पोक्सो कायद्यात न्यायालयाने दखल घेतल्यापासून तीस दिवसांत मुलीची साक्ष नोंदवावी आणि शक्यतो वर्षभरात खटला संपवावा, असे लिहिलेले आहे. ते पाळले गेले, तर साक्षीदार फुटण्याची भीती आणि आरोपीची दीर्घ कोठडी हे दोन्ही प्रश्न एकदमच हलके होतील. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, बलात्कारासारख्या गुन्ह्यात साक्षी सुरू झाल्यावर जामीन अर्ज सहसा विचारात घेऊ नये, असे म्हटले. माझ्या मते हे सूत्र साक्षी वेगाने होणाऱ्या न्यायालयातच न्याय्य ठरते. जिथे पहिली साक्ष व्हायलाच तीन-चार वर्षे लागतात, तिथे ते आरोपीवर आणि फिर्यादीवर सारखेच जुलमी आहे.

अट्रॉसिटीच्या खटल्यात विशेष न्यायालयाने जामीन दिला किंवा नाकारला, तर कलम १४अ नुसार त्यावर उच्च न्यायालयात अपील करता येते. मुदत नव्वद दिवसांची. आपल्याकडून हे अपील छत्रपती संभाजीनगरच्या, म्हणजे औरंगाबाद खंडपीठात जाते. अहमदपूरहून ते अडीचशे किलोमीटरपेक्षा दूर आहे. वकिलाची फी, एसटीचे भाडे आणि बुडालेली मजुरी यांचा हिशेब करून बहुतेक घरे तिथेच थांबतात. मोफत वकील मिळू शकतो, हे त्यांना कोणी सांगितलेले नसते. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ नुसार कोणत्याही स्त्रीला आणि अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीला, उत्पन्न कितीही असो, हा हक्क आहे. अर्ज तालुका विधी सेवा समितीकडे, न्यायालयाच्या आवारातच द्यायचा असतो.

म्हणून गावातले कार्यकर्ते, आशाताई, शिक्षक आणि तरुण वकील यांना एक विनंती आहे. अशी फिर्याद झालेले घर तुमच्या ओळखीचे असेल, तर टोळी निघण्याआधी त्या बाईकडून तपासी अधिकारी आणि सरकारी वकील यांच्या नावे एक साधा अर्ज लिहून घ्या. त्यात ती कोणत्या कारखान्याच्या फडावर जाणार आहे ते लिहा आणि तिचा स्वतःचा फोन नंबर द्या. मुकादमाचा देऊ नका. जामिनाच्या प्रत्येक तारखेची सूचना कलम १५अ प्रमाणे याच नंबरवर आणि पत्त्यावर द्यावी, असे त्यात स्पष्ट लिहा. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या आणि ती जपून ठेवा. तिला न कळवता आदेश झाला, तर ही पोचच अपिलात सगळ्यात मोठा पुरावा ठरेल. आणि आरोपीला जामीन झालाच, तर त्या आदेशाची प्रत दोन दिवसांत तिच्या हातात पडली पाहिजे. पडली नाही, तर न्यायालयात जाऊन ती लेखी मागा.